लेखिकाबाईंचे यजमान

गाझियाबादच्या वैशालीतल्या या सोसायटीत आम्ही राहायला आलो, त्याच आठवड्यात माझ्या बायकोनं, कुमुदनं, शोध लावला की शेजारच्या घरात एक बाई रोज संध्याकाळी रडते. दोन्ही घरांच्या बाल्कन्या एकमेकींना खेटून, मध्ये हातभर भिंत. पलीकडून आवाज यायचा, "मैं इस घर की बहू हूँ माँजी, पायदान नहीं!" मग हुंदका. मग जरा शांतता आणि एक पुरुषी आवाज, "नाही, हे जास्त झालं." की पुन्हा तीच बाई, थोडी कमी रडत, "बहू हूँ माँजी, पायदान नहीं."

"अहो, नवरा तिला रडायलाही शिकवतोय," कुमुद म्हणाली. "केवढा हा छळ!"

दुसऱ्याच्या घरातल्या भानगडीत मला भयंकर रस. विरजण मागायच्या निमित्तानं गेलो. दार उघडलं ते एका धडधाकट, चष्मेवाल्या बाईंनी. हातात लाल पेन, डोळे ठणठणीत कोरडे. मी त्यांच्या खांद्यावरून आत डोकावलो. बाल्कनीत बनियन आणि लुंगीवर एक गृहस्थ मटार सोलत बसले होते, आणि सोलता सोलता बाईच्या आवाजात कुठल्याशा सासूला सुनावत होते.

"आमचे मिस्टर," बाई म्हणाल्या. "ऑफिसातून आले की थोडा वेळ बाई होतात. विरजण केवढं देऊ?"

तर हे धम्मपाल रामटेके. मूळ भंडाऱ्याकडचे, नोकरी केंद्र सरकारच्या एका मंत्रालयात, आणि नोकरीनंतरचा धंदा टीव्हीच्या हिंदी मालिका लिहिण्याचा. लाल पेनवाल्या त्या इंदुमतीवहिनी, शाळेत गणित शिकवायच्या. गोष्टी-बिष्टींचा त्यांना मनापासून कंटाळा. "गणितात कसं, उत्तर आलं की संपलं," असं म्हणणाऱ्या बाई. आणि गंमत अशी, की मालिका संपली की पडद्यावर जी अक्षरं सरकायची त्यात 'लेखिका' म्हणून नाव यायचं ते यांचं. इंदुमती रामटेके. रामटेकेसाहेबांच्या नावाचा 'ध'सुद्धा कुठं नाही.

आता हे असं कसं, ते मला साहेबांनीच सांगितलं. सोसायटीच्या बागेत संध्याकाळी फिरताना तुकड्या-तुकड्यांनी, थांबून थांबून सांगायचे. तेव्हाही दमलेलेच असायचे. सकाळी फायली, संध्याकाळी संवाद. माणसाची एक पाळी संपते तिथं यांची दुसरी सुरू व्हायची.

झालं असं, की साहेब तरुण असताना ऑफिसच्या नाट्यस्पर्धेसाठी त्यांनी एक हिंदी एकांकिका लिहिली. ती बघायला श्यामबाबू नावाचे एक निर्माते आले होते. त्यांचं ऑफिस करोल बागेत, खाली मोटारींच्या सीट कव्हरचं दुकान आणि वर एक खोली. त्या खोलीला ते प्रॉडक्शन हाऊस म्हणायचे. त्यांनी साहेबांना बोलावलं, समोर समोसे ठेवले आणि म्हणाले, "रामटेकेजी, दोपहर का सीरियल है. औरतें देखेंगी. लिखोगे?"

साहेबांनी लिहिलं. सरकारी क्वार्टरमध्ये राहणारा मुलगा आपल्या विधवा आईला बंद केलेल्या व्हरांड्यात झोपायला लावतो, त्या आईची गोष्ट. विमला तिचं नाव, आणि मालिकेचं 'बाहर वाला कमरा'. पहिला भाग तयार झाला, आणि श्यामबाबूंनी विचारलं, "नाम क्या डालूँ?"

इथं साहेब अडले. सरकारी नोकर. बाहेरचं काम करायचं तर ऑफिसची परवानगी हवी. अर्ज करावा तर तो साहेबांच्या साहेबाकडे जाणार, तिथून वर जाणार, आणि सगळ्या मजल्यावर चर्चा होणार की रामटेके काम सोडून नाटकं लिहितो.

"मग होऊ द्यायची चर्चा," मी एकदा म्हणालो. "तुमच्या ऑफिसात लोक बसून स्वेटर विणायचे, विमा विकायचे. तुम्ही तर लिहीत होता."

साहेब बाकावर बसले. गुडघे चोळत म्हणाले, "संग्रामभाऊ, तुम्ही विकला असता विमा, तर लोक म्हणाले असते, हुशार आहे. मी विकला असता तर म्हणाले असते, बघा, कसे येतात आणि काय करतात. लोकांना वाटतं आम्हाला सगळ्यात सवलत आहे. चुकीत नाही ना, भाऊ. चुकीत अजिबात नाही."



तर साहेबांनी श्यामबाबूंना बायकोचं नाव दिलं. आणि बायकोला सांगायचं राहून गेलं. वहिनींना ते कळलं शेजारच्या क्वार्टरमध्ये टीव्ही बघताना, चार बायकांच्या देखत. घरी येऊन त्यांनी एवढंच विचारलं, "मी काय लिहिलंय, ते मला तरी सांगाल का?"

मालिका चालली. चांगली चालली. बायकांची पत्रं यायची, की इंदुमतीजी, औरत का दुख औरत ही समझ सकती है. साहेब ती पत्रं वाचायचे आणि वहिनी शेजारी बसून भाज्या निवडायच्या.

पण खरा त्रास वहिनींना झाला, हे लक्षात घ्या. शाळेच्या प्रिन्सिपॉलबाईंना कळलं की आपल्याकडे टीव्हीची लेखिका आहे. झालं! दरवर्षीचं गॅदरिंगचं नाटक वहिनींच्या गळ्यात. चौदा एप्रिलला कुठल्या ना कुठल्या कॉलनीत भाषण, 'सुप्रसिद्ध लेखिका इंदुमतीताई'. नात्यातल्या मुली कविता घेऊन घरी यायच्या. वहिनी नाटक साहेबांकडून लिहून घ्यायच्या, भाषणही त्यांच्याकडून, आणि कवितांच्या खाली लाल पेनानं 'छान' लिहून, वर सवयीनं दहापैकी सात मार्क द्यायच्या. मी मुद्दाम हाक मारायचो, "काय लेखिकाबाई, आज काय प्रसवलं?"

"तुमची बदली का होत नाही हो, भाऊजी?" त्या म्हणायच्या.

साहेबांना एकच गोष्ट हवी होती, आणि ती त्यांनी मला कितीतरी वेळा सांगितली. पैसा नाही, बक्षीस नाही. एकदा पडद्यावर आपलं नाव यावं. बास. "रिटायर झालो की स्वतःच्या नावानं लिहिणार," असं म्हणायचे. नोकरीच्या शेवटच्या वर्षांत त्याच आशेवर ते कसेबसे चालत होते. गाझियाबादहून मंत्रालय, मंत्रालयातून नोएडात शूटिंगच्या जागी संवाद पोचवायचे, तिथून घर, घरी मटार आणि विमलासारखीच कुणीतरी बाई.

रिटायर झाले. निरोपसमारंभात चहा पिता पिता प्रशासनातला एक कारकून त्यांना म्हणाला, "सर, आप लिखते थे? अरे, साहित्यिक काम पे कौन रोकता है? एक अर्ज़ी डाल देते." खरं की खोटं, मला नियम माहीत नाही. साहेबांनीही नियमाचं पुस्तक उघडून पाहिलं नाही. मला म्हणाले, "आता बघून काय करू? नसली हरकत, तर जास्त त्रास होईल."

आणि मग ते स्वतःच्या नावानं काम मागायला निघाले. नोएडात एका काचेच्या ऑफिसात एका पोरानं विचारलं, "अंकल, पहले क्या लिखा है?"

"बाहर वाला कमरा."

"वो तो किसी लेडी का था न? मेरी नानी देखती थीं."

आता काय सांगणार? सांगितलं असतं तर दोनच अर्थ निघाले असते, एक तर हा माणूस थापा मारतो, नाहीतर बायकोचं श्रेय लाटतो. साहेब चहा पिऊन परत आले. पुढची काही वर्षं त्यांनी गुन्ह्यांच्या कार्यक्रमांसाठी लिहिलं. खऱ्या खुनाचं नाट्यरूपांतर करायचं काम. त्यात लेखकाचं नाव येतच नाही. आमच्या बाल्कनीत आता सुनांच्या जागी "चाकू कहाँ छुपाया?" ऐकू यायला लागलं. कुमुदनं कपडे वाळत घालायची वेळ बदलली. मग तेही काम आटलं. साहेबांचा आवाज बसायला लागला. बाई तर जमेनाशीच झाली. सत्तरी आली आणि भिंतीपलीकडून फक्त मटार भांड्यात पडल्याचा आवाज यायचा.

मागच्या वर्षी वहिनींना फोन आला. गुरुग्रामची कुठली तरी कंपनी, मोबाईलवर आणि टीव्हीवर दाखवायच्या मालिका काढते. त्यांना 'बाहर वाला कमरा' नव्यानं करायचा होता. श्यामबाबूंच्या मुलांकडून हक्क घेतले होते, आता मूळ लेखिकेची संमती हवी होती. पलीकडची मुलगी म्हणाली, "इंदुमती मॅम से बात हो सकती है?" वहिनींनी अर्धं वाक्य ऐकलं आणि फोन साहेबांच्या हातात दिला. "घ्या, तुमचं आहे."

त्या संध्याकाळी साहेबांनी मला बागेत गाठलं. आधी हातात हात घेतला, मग म्हणाले, "या वेळी नाव माझं. आता नोकरी नाही, काही नाही. जाऊन सरळ सांगतो."

"आणि मी गाडी चालवतो," मी म्हणालो. असला तमाशा बघायला मी पदरचं पेट्रोल जाळून जाईन.

सकाळी साहेब इस्त्रीचा बुशशर्ट घालून खाली आले. केस कापलेले. वहिनींनी रोजचीच साडी नेसली होती. धौला कुआँच्या कोंडीत गाडी अडकली, तेव्हा मागच्या सीटवर साहेबांची तालीम चालू होती.

"देखिए, असल में वो सीरियल मैंने लिखा था."

"उद्धट वाटतंय," वहिनी म्हणाल्या.

"एक बात साफ़ कर दूँ, वो सीरियल…"

"पोलीस आल्यासारखं वाटतंय."

"बेटा, नाम भले इनका है, पर कलम…"

"ओव्हर होतंय हो! सरळ सांगा ना, मी लिहिलं. मी. तीन अक्षरं पुरतात."

"मी लिहिलं यात चार होतात," मी मध्येच पचकलो.

"तुम्ही समोर बघा, भाऊजी. नापास झालात."

कंपनीचं ऑफिस कितव्या तरी मजल्यावर, सगळ्या बाजूंनी काच. आम्ही आत गेलो तशी टेबलाभोवतीची सगळी पोरं उभी राहिली. वहिनींच्या हातात पुष्पगुच्छ आला. त्या पोरांची प्रमुख केतकी नावाची मुलगी, मराठी, पण दिल्लीत जन्मलेली. ती वाकून पाया पडली. "काकू, मला मराठी समजते, बोलताना थोडी गडबड होते. तुम्ही बैठा ना. मतलब, बसा."

मग साहेबांकडे वळून अगदी आदरानं म्हणाली, "और सर, आप?"

घरापासून इथवर माणूस घोकत आला होता. साहेबांनी तोंड उघडलं आणि म्हणाले, "मैं… हसबंड."

मला पुष्पगुच्छ खाऊन टाकावासा वाटला.

केतकीनं बोलायला सुरुवात केली. तिच्या आजीनं तिला ही मालिका सांगितली होती, मग तिनं जुन्या टेप शोधून बघितली होती. "काकू, तो सीन, विमला अंधारात जेवते. बत्ती लावली तर मुलाला कळेल की आई जागी आहे, मग त्याला बोलावं लागेल. म्हणून ती अंधारात जेवते. ये कोई मर्द लिख ही नहीं सकता."

"मर्द ने ही लिखा है," वहिनी म्हणाल्या. "ये बैठे हैं."

सगळे हसले. "हाऊ स्वीट!" कुणीतरी म्हणालं.

वहिनी हसल्या नाहीत. वर्गात गोंधळ चालू असताना बाई जशा नुसत्या उभ्या राहतात, तशा त्या नुसत्या बसून राहिल्या. हसू एक-एक करून विझलं. केतकीनं साहेबांकडे पाहिलं. मग जरा घाबरतच विचारलं, "सर, त्या सीनमध्ये मग विमला काय बोलते?"

साहेबांनी घसा खाकरला. बसलेल्या आवाजातून, कुठून कोण जाणे, ती बाई आली. दमलेली, म्हातारी, हातात ताट असलेली. "खा लिया बेटा. तू सो जा. मैं तो कब की सो गई."

 केतकीनं डोळे पुसले आणि म्हणाली, "अक्षताला बोलवा."

अक्षता म्हणजे त्यांची वकील. पोरगी हुशार आणि चांगली होती, तिला मी नावं ठेवणार नाही. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली की सरांचं नाव द्यायला कंपनीची काहीच हरकत नाही. फक्त जुने सगळे करार मॅमच्या नावावर आहेत. त्यामुळे दोघांनी प्रतिज्ञापत्र द्यायचं, की तेव्हा दिलेलं नाव खरं नव्हतं, लेखन सरांचं होतं, आणि नाव का बदललं त्याचं कारण.

"कारण?" साहेब म्हणाले.

"हाँ सर. आप सर्विस में थे, परमिशन नहीं ली थी, इसलिए वाइफ़ का नाम दिया. बस इतना ही."

"ये लिख के देना पड़ेगा?"

"सर, कारण तो लिखना ही पड़ेगा न."

साहेब उठले, "एक मिनिट" म्हणाले आणि बाहेर गेले. मी मागे गेलो. लिफ्टपाशी एक सोफा होता, त्यावर ते बसले, आणि बसल्यावर कुणीतरी हवा काढून घेतल्यासारखे लहान दिसायला लागले.

"साहेब, करा सही," मी म्हणालो. "आता कोण विचारतंय? ते ऑफिस राहिलं नाही, ते साहेब राहिले नाहीत. पेन्शन थोडीच काढून घेणार आहेत?"

"पेन्शनचं नाही हो." त्यांनी डोळे मिटले. "इतकी वर्षं नोकरी केली. उशीर नाही, फाईल अडकवली नाही, कुणाला बोट ठेवायला जागा दिली नाही. टपलेले होते, तरी नाही दिली. आणि आता माझ्याच सहीनं लिहून देऊ, की मी लपवाछपवी केली? एका नावासाठी दुसरं नाव घालवू?"

"मग?"

"मग काय. इंदूला सही करू द्या. विमला पुन्हा दिसेल, तेवढं पुष्कळ." आणि मग, लिफ्टच्या दाराकडे बघत, "थकलो ना, बाप्पा."

त्यांना धरून आत आणलं. साहेबांनी सांगितलं की प्रतिज्ञापत्र नको, नाव मॅमचंच राहू द्या. अक्षतानं करार वहिनींपुढे सरकवला. वहिनींनी पेन उचललं, टोपण काढलं, आणि पुन्हा लावलं.

"मी नाही करणार."

"इंदू…"

"अहो, मी आयुष्यभर पोरांच्या कॉप्या पकडल्या! आणि घरी येऊन दुसऱ्याच्या पेपरवर माझं नाव. भाषणं काय, कविता काय. त्या पोरीनं आत्ता माझ्या पायाला हात लावला, कशासाठी? मी अंधारात जेवलेय कधी? मला अंधारात चपातीसुद्धा सापडत नाही." त्यांचा आवाज चढला होता. "तेव्हा तुमच्या नोकरीसाठी गप्प बसले. आता कशासाठी बसू?"

केतकीला सगळं समजलं असावं, कारण तिनं मान खाली घातली. दोन म्हातारी माणसं, दोघांचं म्हणणं खरं, आणि मधे बिनसहीचा करार. असला पेच मला झेपत नाही. मी विचारलं, इथे चहा मिळतो का. मिळाला. कागदी कपात, हिरवा, बेचव.

अक्षता बिचारी तेवढ्यात बाकीचे कागद बघत होती. तिनं वहिनींचं आधार कार्ड हातात धरलं आणि कपाळाला आठी घातली. "मॅम, एक और प्रॉब्लेम है. कॉन्ट्रॅक्ट में इंदुमती रामटेके है, और यहाँ बीच में कुछ और भी है. इंदुमती धम्मपाल रामटेके. ये धम्मपाल क्या है?"

"ये मेरे पति का नाम है," वहिनी म्हणाल्या. "हमारे यहाँ औरत के नाम में पति का नाम लगता है. पूरा नाम ऐसे ही होता है."

"ओके. तो इसमें से क्रेडिट में कौन सा…"

वहिनी उत्तर द्यायला निघाल्या आणि थांबल्या. चष्मा काढला, पदरानं पुसला, पुन्हा घातला. साहेबांकडे पाहिलं. गणिताची बाई एखादं उदाहरण दुसऱ्या रीतीनं सुटतंय का बघते, तसं.

"पूरा," त्या म्हणाल्या. "पूरा नाम जाएगा. इंदुमती धम्मपाल रामटेके. मग सही करते." मग साहेबांना मराठीत, हळू, "यात खोटं काही नाही. लिहूनही काही द्यावं लागत नाही. चालेल?"

"मधलं नाव," साहेब म्हणाले.

"हो. मधलं."

 साहेबांनी होकारार्थी मान हलवली. वहिनींनी सही केली, आयुष्यात पहिल्यांदा इतकी लांबलचक, एकही अक्षर न गाळता.

 परतीच्या वाटेवर मी दोनदा तोंड उघडलं आणि दोन्ही वेळा वहिनींनी आरशातून पाहिलं. गाझिपूर मागे पडल्यावर साहेब म्हणाले, "मराठी माणूस असेल त्याला समजेल."

"मराठी माणूस बायकोच्या नावातलं नवऱ्याचं नाव वाचतच नाही," वहिनी म्हणाल्या. "पण असो. पडद्यावर असेल तरी."

हिवाळ्यात मालिका आली. आमच्या मोठ्या टीव्हीवर बघायचं ठरलं. कुमुदनं शिरा केला. नवी विमला बरी होती, जरा जास्तच देखणी, पण बरी. साहेब पुढे सरकून, गुडघ्यांवर हात ठेवून बसले होते. भाग संपला आणि काळ्या पडद्यावर अक्षरं आली. मूळ कथा आणि संवाद, इंदुमती डी. रामटेके.

डी. एक अक्षर आणि एक टिंब.

लगेच पडदा लहान झाला आणि पुढचा भाग सुरू व्हायला निघाला. मी रिमोटवर झडप घातली, पण ते गेलं होतं.

"डी तर आला," साहेब म्हणाले, आणि शिऱ्याची बशी उचलली. खरं सांगतो, ते ओरडले असते तर बरं वाटलं असतं.

ओरडल्या वहिनी. तिथल्या तिथं केतकीला फोन लावला. "बेटा, ये इनिशियल नहीं है. ये आदमी का नाम है. ज़िंदा आदमी है, मेरे सामने बैठ के शिरा खा रहा है." केतकी रडकुंडीला आली. म्हणाली, काकू, त्यांच्या तयार साच्यात लांब नाव मावत नाही, आपोआप कापलं जातं, मी बघते, बदलायला वेळ लागेल. वहिनींनी त्यानंतर रोज फोन केला. न चिडता, एकाच सुरात, गृहपाठ न आणलेल्या पोराला विचारावं तसं. "हुआ? नहीं? ठीक है, कल पूछती हूँ." साहेब म्हणायचे, राहू दे गं, आता काय. त्या ऐकायच्या नाहीत.

साहेबांना त्या थंडीत खोकल्यानं धरलं. दुपारी जेवलं की खुर्चीतच झोप लागायची.

परवा दुपारी मी तिळाच्या वड्या द्यायला म्हणून गेलो. म्हणजे काय चाललंय ते बघायला. दार नुसतं लोटलेलं होतं. साहेब टीव्हीसमोरच्या खुर्चीत, गळ्यापर्यंत शाल, तोंड उघडं, गाढ झोपलेले. वहिनी शेजारी वेताच्या मोढ्यावर, हातात रिमोट. टीव्हीवर चित्र थांबवलेलं होतं. काळा पडदा, त्यावर पांढरी अक्षरं. इंदुमती धम्मपाल रामटेके. पूर्ण.

"केतकीचा आत्ताच फोन आला," वहिनी कुजबुजल्या. "सगळ्या भागांत बदललं म्हणाली. मी लावून बघितलं, तर हे आधीच झोपलेले."

"उठवू?"

"नको. रात्रभर खोकत होते. झोपू दे."

आमच्यासारखाच त्यांचाही टीव्ही. थोडा वेळ हात लावला नाही की आपोआप विझतो. मी बघत होतो. पडदा जरा मंद झाला की वहिनी रिमोटचं एक बटण दाबायच्या, आणि अक्षरं पुन्हा उजळायची. पुन्हा मंद, पुन्हा बटण.

"असं कुठवर करणार?" मी विचारलं.

"उठेपर्यंत. बसा, भाऊजी. आणि जरा गप्प बसा."

मी बसलो.